एक रिंग म्हणजे खुशाल

१७ जानेवारी १९९९

शेवंतीला टिटवाळ्याला पोचवून आलो. संक्रांतीला म्हणून तीन दिवस राहिली. स्टेशनपासून तिच्या सासरपर्यंत चालत गेलो. तिकडे नव्या इमारतींची कामं चालू आहेत, रस्ता असा नाहीच, नुसती खडी. पोरीचा पाचवा महिना सरत आलाय म्हणून मी रिक्षा करू म्हणालो. ती म्हणाली, "नको बाबा, चालत गेलो की तेवढंच बोलता येतं." आणि मग अर्धी वाट काही बोललीच नाही.

कोपराच्या वर हिरवं झालेलं दिसलं. बादली लागली म्हणाली. नळावर गर्दी असते तिकडे, लागतं.

पोपटने, म्हणजे माझ्या थोरल्या भावाच्या मुलाने, आपला जुना मोबाइल मला दिला आहे. तो घोडबंदर रोडला बिल्डरच्या ऑफिसात गिऱ्हाइकांना फ्लॅट दाखवतो. तिथे सगळ्यांच्या कमरेला नवे फोन, म्हणून याला जुन्याची लाज वाटायला लागली. ही डायरीही त्याच बिल्डरची. वर इमारतीचं चित्र आहे आणि जिथे आमच्या होड्या लागायच्या तो चिखल बाग म्हणून रंगवलाय. चौथी शिकलेल्या माणसाने डायरी काय लिहायची, पण दम्याने वॉचमनची नोकरी सुटली, खाडीत कंपन्यांच्या पाण्याने मासळी राहिली नाही, दिवस घालवायचा कसा. सगुणा पहाटे टोपली घेऊन बाजारात जाते ती दुपार कलल्यावर येते.

फोन बघून सगुणा म्हणाली, "यांना कोण फोन करनार हाय?"

कोण करणार ते शेवंतीने वाटेत ठरवलं. स्टेशनजवळच्या बूथवरून ती संध्याकाळी भाजी आणायच्या निमित्ताने फोन करील.

"पण बाबा, उचलायचा नाय. मोबाइलवर आलेला फोन उचलला तरी तुमचे पैसे जातात. मी एक रिंग देईन आणि ठेवीन. एक रिंग म्हणजे मी खुशाल."

मी बरं म्हणालो.

"आणि वाजतच राहिला, तर समजा नि न्यायला या. तुमच्या शेजाऱ्यांकडे फोन करून सांगनार नाय मी, वाडीभर होईल. आणि दुसऱ्या कुणाला पाठवू नका. तुमीच या."

असं अभद्र बोलू नये, असं मी तिला म्हणालो. नामा वाईट मुलगा नाही. पितो, पण कोण पीत नाही. गेल्या वर्षी ती न सांगता निघून आली होती तेव्हा मीच तिला परत नेऊन घातली. तिची सासू कलावती दारातच म्हणाली होती, "आमच्यात सुना आपल्या पायाने माहेरी जात नाहीत. मुराळी येतो, दोन दिवस आधी निरोप देतो." चारचौघांत बोलली. खाली मान घालून ऐकून घ्यावं लागलं.

२३ जानेवारी

रोज रिंग येते. दिवेलागणीच्या आधी मी फोन घेऊन ओटीवर बसतो. एकदा वाजतो आणि बंद. छातीवरचं ओझं उतरतं. मग मी लगेच मागचं झाकण काढून बॅटरी बाहेर काढतो. उगाच चालू ठेवून करंट वाया घालवायचा कशाला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी परत घालतो.

सगुणाला सांगितलं, पोर खुशाल आहे. ती टोपली धूत होती. म्हणाली, "रिंगवर कळतं व्हय? तोंड बघितल्याशिवाय मला नाय कळत."

४ फेब्रुवारी

फोन गेला. बॅटरी घातली, बटण दाबलं, कंपनीचं नाव आलं आणि तिथेच थांबला. परत काढून घातली. परत तेच. आठ वेळा केलं असेल. ना नंबर, ना काही. शेवंतीने आज रिंग दिली असेल तर ती कुठे गेली?

५ फेब्रुवारी

ठाण्यात स्टेशनसमोर दाखवला. दुकानदाराने हातात धरला, परत दिला. "टाकून द्या, नवीन घ्या." एवढंच बोलला. त्याच्या मागे नव्या फोनांची रांग लावलेली होती, दुसरं काय बोलणार.

घरी आल्यावर सगुणा म्हणाली, "नसेल वाजत तर गाडीत बसा नि जा की टिटवाळ्याला. पाय हायत ना?"

तिला काय सांगू? निरोप न देता गेलो तर ती कलावती परत दारात उभी करील. आणि गेलो नि पोरगी म्हणाली मी बरी आहे, तर मी कशाला आलो होतो? पोपटला गाठलं. त्याने कल्याणच्या एका पोराचं नाव सांगितलं, उत्तम. मोबाइल कॉम्प्युटरला जोडून दुरुस्त करतो म्हणे.

९ फेब्रुवारी

आज कल्याणला जाऊन आलो. सगळं लिहून ठेवतो.

उत्तमचं दुकान म्हणजे घड्याळवाल्याच्या दुकानातलं अर्धं टेबल. टेबलावर कॉम्प्युटर, वायरी, उघडे पडलेले फोन. तिशीचा असेल, तोंडात तंबाखू, बोलणं चुरचुरीत. त्याने बटण दाबून बघितलं आणि विचारलं, "काका, बंद कसा करता?"

"बॅटरी काढतो."

"आधी बटणाने बंद करून?"

"नाही. सरळ काढतो."

"अहो, जेवत्या माणसाला ताटावरून ओढून उठवता रोज! मग त्याचं डोकं ठिकाणावर राहील का?"

घड्याळवाला हसला. मला ते आवडलं नाही.

उत्तम म्हणाला, "फोन मेला नाही. याला काही आठवत नाही एवढंच. आतलं सॉफ्टवेअर उडालंय. परत टाकावं लागेल."

सॉफ्टवेअर म्हणजे काय असं मी विचारलं. तो म्हणाला, फोनला फोन म्हणून कसं वागायचं ते ज्यात लिहिलेलं असतं ते. ते नसेल तर हा नुसता साबणाचा डबा. मी विचारलं, ते तुम्ही आणणार कुठून?

"आहे माझ्याकडे. असाच एक चालू फोन आलेला, त्यातलं काढून कॉम्प्युटरमध्ये ठेवलंय. ते आता यात भरायचं."

"म्हणजे दुसऱ्या माणसाचं?"

"कुणाचं का असेना. आत सगळ्यांचं सारखंच."

माझ्या मनाला ते पटलं नाही. पण मी चौथी शिकलेला, काय बोलणार. शेवंतीच्या बूथचा नंबर जाईल का विचारलं, तर म्हणाला नंबर कार्डात असतात, कार्ड मी बाजूला काढलंय. त्याने बॅटरीच्या खालच्या पितळी ठिपक्यांवर एक चिमटा बसवला, त्याची वायर कॉम्प्युटरला. पडद्यावर एक निळी पट्टी आली आणि गोगलगायीसारखी सरकायला लागली.

"आता हात लावायचा नाही. मध्येच लाइट गेली तर फोन कायमचा गेला."

"आणि गेली तर?"

"तर घरी न्या नि दाराला टेकू लावा."

अर्ध्यावर आल्यावर वरचा दिवा मंद झाला. घड्याळवाल्याने पंखा बंद केला. मी टेबलाची कड धरून बसलो. दम लागला. उत्तम म्हणाला, "काका, श्वास घ्या, त्याने पट्टी थांबत नाही." दिवा परत उजळला. पट्टी भरली.

फोन चालू झाला. पण सुरू होताना इंग्रजीत कसलं तरी नाव आलं, जे आधी येत नव्हतं. उत्तमने वाचून दाखवलं, "किंग." हा कोण, मी म्हणालो.

"ज्याच्या फोनातलं आहे तो. स्वतःला किंग म्हणवत असेल बिचारा. राहू दे की, फुकटात राजा झालात."

दुकानातल्या फोनवरून त्याने मला लावून बघितलं. सूर वेगळाच होता, पिक्चरच्या गाण्यासारखा. एकदा वाजला. मी लगेच म्हणालो, "बास, बास, ठेवा. मला एकच रिंग लागते." त्याने ठेवला. "झालं तर मग," म्हणाला. आणि बजावलं, बॅटरी काढायची नाही, चालूच ठेवायचा.

घरी आलो तेव्हा संध्याकाळ होत आली होती. रिंग आली. एकच. मी ओटीवर बसून रडलो. सगुणाने बघितलं.

१२ फेब्रुवारी

फोन चालतो, पण एक खोड राहिली आहे. रिंग एकदा वाजते ती वाजते, आणि मग आवाज नाही पण पडद्याचा दिवा मात्र कधी कधी बराच वेळ जळत राहतो. आकडे लुकलुकतात. आधी असं नव्हतं. बॅटरी खाणार. उत्तमला विचारायला परत कल्याणला कोण जाणार? मीच बटणं दाबून बघितली. लाल बटण दाबलं की विझतो. सापडलं एकदाचं.

२० फेब्रुवारी

शेवंतीला सातवा लागला. सगुणाने हिरवी साडी आणून ठेवलीय, ओटी भरायची, आणि मग बाळंतपणाला पोरीला घरी आणायची. पहिलं बाळंतपण माहेरीच व्हायला हवं. सगुणा म्हणते या आठवड्यात जाऊ. मी म्हणालो, होळीला आणू. होळीला सगळ्यांच्या लेकी येतात, म्हणजे मुद्दाम आलो असं दिसणार नाही. आता मागून आणलं तर कलावती म्हणणार, पोरीने चुगली केली म्हणून धावत आले.

"कोनाला काय दिसेल याचंच तुमाला पडलंय जल्मभर," सगुणा म्हणाली.

मी म्हणालो, "रोज रिंग येते ना? एकच येते ना? मग?"

ती गप्प झाली. रिंगचं काहीतरी चांगलं झालंय. आधी मला कोणी असं ऐकून घेत नव्हतं.

२५ फेब्रुवारी

होळीला शेवंतीला पाठवा म्हणून कलावतीकडे माणसाकरवी निरोप पाठवला होता. उलटा निरोप आला, होळीला जमणार नाही, घरात काम आहे, होळीनंतर बघू. असं आहे तर असं. भांडून पोर आणली तर उद्या तिलाच तिकडे राहायचं आहे. संध्याकाळी रिंग आली, लगोलग दोनदा. दोन्ही एक एक. दोन्ही वेळा दिवा विझवला. पोरगी दोनदा खुशाल आहे, असं मी सगुणाला गमतीने म्हणालो. ती हसली नाही.

१ मार्च

होळी. वाडीत सगळ्यांच्या लेकी आल्यात. होळीभोवती फेर धरून गाणी चाललीत, आवाज इथपर्यंत येतोय. सगुणा गेली नाही. पुरणपोळी केली नाही. पोपट पाया पडायला आला होता, नव्या फोनवर बोलत बोलत पाया पडला.

सगुणाने त्याला विचारलं, "पोपट, हा मोबाइल खोटं बोलतो का रे?"

तो म्हणाला, "मोबाइल कशाला खोटं बोलेल, काकी? माणसं बोलतात."

मला वाटतं ती त्याला हेच विचारायला थांबली होती. मला न विचारता त्याला विचारलं, याचं वाईट वाटलं.

९ मार्च

आज भर दुपारी रिंग आली. या वेळी कधी येत नाही. एकदा वाजली. दिवा जळत राहिला. लाल दाबलं. मांडी घालून बसतो तोच पुन्हा एक. दाबलं. पुन्हा. असं किती वेळा झालं. नंबर टिटवाळ्याच्या बूथचाच, शेवटचे आकडे ओळखतो.

मला राग आला. बूथवाल्याच्या दुकानात कुणी खेळतंय की काय. नाहीतर फोनच परत बिघडला. उत्तमने दुसऱ्या कुणाचं भरलेलं आहे, ते अंगाला लागत नसेल.

खरं लिहायचं म्हणून ही डायरी आहे. एकदा मी हिरव्या बटणावर बोट ठेवलं होतं. उचलावा असं वाटलं. पण न उचलायचं तिनेच सांगितलेलं. आणि उचलला नि आतून काही वाईट ऐकायला आलं तर? मग मला उठून जावं लागलं असतं. दमा आहे, ऊन होतं. शिवाय प्रत्येक वेळी एकच रिंग. एक रिंग म्हणजे खुशाल, हे माझं नाही, तिचंच ठरलेलं.

मग थांबला. सगुणा बाजारातून आली तेव्हा मी तिला सांगितलं नाही. कशाला घाबरवायचं.

११ मार्च

काल नाही, आज नाही. रिंग आली नाही. बूथ बंद असेल.

१४ मार्च, रविवार

सगुणा माझ्याशी न बोलता टिटवाळ्याला गेली. हिरवी साडी पिशवीत घालून. जाताना एवढंच म्हणाली, "मुराळी मी." बाई कधी मुराळी होते का? पण तिच्याशी कोण बोलणार. मी दिवसभर ओटीवर बसून आहे.

१६ मार्च

लिहायचं की नाही ठरत नव्हतं.

सगुणाला दाराला कुलूप दिसलं. शेजारची बायजा म्हणून बाई आहे, तिने सांगितलं. मंगळवारी नामाने ढकलली, ओट्याच्या कडेवर पडली. घरात भांडण आणि मग नामा नि त्याची आई बाहेर निघून गेले. शेवंती बूथपर्यंत चालत गेली. बूथवाला बायजाच्या ओळखीचा. तो म्हणाला, ती उभी राहून परत परत एकच नंबर लावत होती, आणि पलीकडून कोणीतरी कापत होतं. शेवटी तिथेच खाली बसली. बायजाने रिक्षात घालून कल्याणला दवाखान्यात नेली.

मुलगा होता.

शेवंती बरी आहे. म्हणजे जगली आहे. सगुणा तिथेच बसून आहे. मी आज गेलो होतो. मला बघून तिने तोंड भिंतीकडे केलं. मी हाक मारली, "बाय गं." मग बाहेरच्या बाकावर बसलो. परत आलो.

मंगळवार म्हणजे नऊ तारीख. मी मागचं पान उघडून बघितलं. उघडायला नको होतं.

२३ मार्च

शेवंतीला घरी आणली. सगुणा आणि पोपट घेऊन आले. पोपटने बिल्डरची गाडी मागून घेतली होती. बायकांनी ओवाळायचं म्हणून पाणी आणलं तर सगुणा म्हणाली, "राहू द्या." शेवंती आतल्या खोलीत आहे. माझ्याशी बोललेली नाही. मी चहा नेला. ठेवला तिथेच गार झाला.

२८ मार्च

पोपट आला होता. मी फोन त्याच्यापुढे टाकला आणि सांगितलं, बघ, याने माझं घर बुडवलं. मी कधी कापला नाही, मी नुसता दिवा विझवला.

त्याने फोन हातात घेऊन बटणं दाबत आत कुठे कुठे बघितलं.

"काका, हे बघा. हा फोन एकदाच वाजेल असं यात लावलेलं आहे. समोरच्याने कितीही वेळ वाजवला तरी आपल्याकडे आवाज एकदाच. मीटिंगमध्ये बसणारे लोक असं लावतात. उत्तमने ज्या फोनातलं यात भरलं ना, त्या माणसाने लावून ठेवलं असेल. ते सगळंच्या सगळं याच्यात आलं. ते किंग आलं तसंच."

"आणि दिवा?"

"फोन वाजतच असतो तोवर दिवा असतो."

"आणि लाल बटण?"

पोपटने माझ्याकडे बघितलं नाही. "लाल म्हणजे कट, काका."

त्याने काहीतरी दाबलं आणि सगळं पूर्वीसारखं केलं. अर्धं मिनिटही लागलं नाही. मग खात्री करायला म्हणून आपल्या फोनवरून लावला. तो वाजायला लागला तो वाजतच राहिला. घरभर. मी ओरडलो, बंद कर. आतल्या खोलीत काहीतरी पडलं. सगुणा बाहेर आली आणि पोपटला म्हणाली, "जा तू घरी."

कल्याणला जाऊन त्या उत्तमची गचांडी धरीन म्हणून मी चप्पल घातली होती. दारापर्यंत गेलो. तो म्हणणार, काका, मी वाजवून दाखवत होतो, तुम्हीच बास म्हणालात. चप्पल काढली.

२९ मार्च

आज शेवंतीला सगळं समजावून सांगितलं. दारात उभा राहून सांगितलं, आत गेलो नाही. बॅटरी काढण्यापासून सगळं. कल्याण, वायर, निळी पट्टी, दुसऱ्या माणसाच्या फोनातलं यात कसं आलं, एकच रिंग का वाजत होती. मला दोन वेळा थांबून दम घ्यावा लागला. तिने सगळं ऐकलं. वेणी घालत होती.

मग म्हणाली, "रिंग त्या मानसाची होती, कळलं. बोट कोनाचं होतं, बाबा?"

बटण कशाचं आहे ते मला ठाऊक नव्हतं, असं मी म्हणालो.

"महिनाभर दिवा जळत होता. एकदा तरी उचलून बघायचा. पैसे गेले असते, अजून काय गेलं असतं?"

सगुणा मध्ये पडली नाही. तीस-पस्तीस वर्षं प्रत्येक भांडणात मध्ये पडणारी बाई, भिंतीला टेकून बसून राहिली.

मी नऊ तारखेचं पान तिला दाखवणार होतो. त्यात हिरव्या बटणावर बोट ठेवल्याचं आहे. दाखवलं नाही. त्यापुढची ओळही त्याच पानावर आहे.

१८ एप्रिल

नामाचा फोन आला. नंबर कुठून मिळाला देव जाणे. आता वाजतच राहतो, त्यामुळे सगळ्यांना ऐकू गेला. मी उचलला. पहिल्यांदाच उचलला. तो आधी रडला, मग म्हणाला दारू सोडली, मग म्हणाला लोक नावं ठेवतात, पाठवा तिला. मागून कलावतीचा आवाज येत होता, "म्हणावं मुराळी लागत नाय का आता?" "विचारतो," मी म्हणालो. खरं तर म्हणणार होतो, "पाठवतो." तोंडात तेच आलं होतं. कसं थांबलो कळत नाही.

फोन कानाजवळून खाली घेऊन मी आत गेलो. शेवंती मोरीवर बसून बोंबलांची डोकी उडवत होती. मी म्हणालो, "नामा आहे. काय सांगू?"

तिने विळी थांबवली नाही. "सांगा, एक रिंग द्या नि खुशाल राहा. आमच्या घरात कोनी उचलत नाय."

तिकडे तो हॅलो हॅलो करत होता. हे मी त्याला कसं सांगणार? मी तसाच उभा. सगुणाने येऊन माझ्या हातातून फोन ओढून घेतला, त्याला जे बोलायचं ते बोलली. ते मी इथे लिहीत नाही. बोलून झाल्यावर तिने फोन मला परत दिला नाही, पोपटकडे धाडून दिला.

२१ एप्रिल

आजपासून शेवंती आईबरोबर बाजारात बसते. पहाटे दोघी टोपल्या घेऊन गेल्या. वाडीतले लोक काय म्हणतील, असं मी काल म्हणालो होतो. दोघींपैकी कोणीच वर बघितलं नाही.

घरात दिवसभर कोणी नव्हतं. मी भात घातला आणि सुक्या बोंबलाचं कालवण केलं. होडीवर असताना करायचो, हाताला सवय होती, वाटलं होतं विसरलो नसेन. ऊन उतरल्यावर दोघी आल्या. हातपाय धुऊन बसल्या. मी वाढलं. शेवंतीने पहिला घास घेतला, थोडी थांबली, मग जेवत राहिली. माझ्या हातचं तिने घरी आल्यापासून आज पहिल्यांदा खाल्लं.

अर्धं जेवण झाल्यावर ती म्हणाली, "मीठ नाय कालवणात."

ते ती आईला म्हणाली. मी तिच्या समोरच बसलो होतो, मिठाची बरणी माझ्या हाताशी होती.